वाटणीचं पाणी

पायऱ्या

शाळेच्या जिन्याला एकोणीस पायऱ्या होत्या. चौथीचा वर्ग माडीवर, त्यामुळे दिवसातून चारदा तरी त्या चढाव्या लागत. त्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीनंतर मी नवव्या पायरीवर थांबायला लागले. थांबायचं निमित्त म्हणून पदर नीट करायचा, मागून येणाऱ्या मुलींना 'रांगेत चला' म्हणायचं. जानेवारीत पाचव्या पायरीवरच थांबावं लागे, आणि निमित्तं संपली होती.

सत्तरच्या दशकातली ही गोष्ट. मी तेव्हा एकतीस वर्षांची होते, नागपूरच्या उत्तर भागात महानगरपालिकेच्या मराठी शाळेत शिक्षिका. माझे पती यशवंत कापडाच्या मिलमध्ये कामाला. घरात सासूबाई, त्यांना मी माय म्हणत असे, आणि आमची सहा वर्षांची मित्रा.

आडवं झालं की दम लागायचा. एका उशीच्या दोन झाल्या, दोनाच्या तीन. मग मी भिंतीला टेकून बसूनच डोळे मिटू लागले. मायना वाटायचं, सुनेला काम नको आहे. "काहून अशी बसून राहते वं रात्रभर?" त्या विचारायच्या. "पाठीले का झालं?" मी म्हणायची, गॅस झाला. वस्तीतल्या डॉक्टरांनी रक्त कमी आहे म्हणून टॉनिक दिलं, खोकल्यासाठी गोड लाल औषध दिलं. दोन्ही मी इमानाने संपवलं.

एका रविवारी मी पाय सोडून बसले होते आणि मित्रा माझ्या घोट्यावर बोट दाबून खेळत होती. "आई," ती म्हणाली, "तुझ्या पायात खड्डा पडते. अन् तो भरतच नाही." यशवंत दाढी करत होते. ते फेस लावलेल्या तोंडानेच आले, खाली बसले आणि त्यांनीही बोट दाबून पाहिलं. खड्डा तसाच राहिला.  नंतर आरशासमोर जाऊन त्यांनी उरलेली दाढी केली आणि म्हणाले, "उद्या सुट्टी टाक."

दार

सरकारी इस्पितळातल्या मोठ्या डॉक्टरांनी माझ्या छातीला नळी लावली आणि डोळे मिटून बराच वेळ ऐकत राहिले. मग त्यांनी असा प्रश्न विचारला ज्याचा माझ्या दम लागण्याशी काही संबंध आहे असं मला वाटलं नाही. "लहानपणी सांधे दुखले होते का?"

दुखले होते. मी दहा वर्षांची असताना आधी घसा धरला, ताप आला आणि दोन-तीन आठवड्यांनी उजवा गुडघा सुजला. तो उतरला तर डावा, मग मनगट, मग कोपर. आईने गरम विटेने शेकलं होतं. महिनाभराने सगळं आपोआप गेलं आणि मी पुन्हा लंगडी खेळायला लागले. घरात कोणी ते आजारपण लक्षातही ठेवलं नव्हतं.

"सांधे बरे झाले," डॉक्टर म्हणाले. "हृदयाची झडप बरी झाली नाही." त्यांनी केसपेपरच्या मागे एक चौकट काढली. "हे दार समजा. जाड होऊन आखडलं आहे, निम्मंही उघडत नाही. मागे रक्त तुंबतं. म्हणून फुप्फुसात पाणी, पायात पाणी."

यशवंत कागद उलटून पुढची बाजू वाचत होते. तिथे इंग्रजीत 'हार्ट फेल्युअर' लिहिलं होतं. आमच्या वस्तीत 'हार्ट फेल झालं' म्हणजे माणूस गेला, दुसरा अर्थच नव्हता. त्यांनी ते दोन शब्द वाचले, माझ्याकडे पाहिलं, आणि मी जिवंत बसले आहे याची खात्री करून घ्यावी तसा माझा दंड धरला.

"डॉक्टरसाहेब, हे असं लिहिलं आहे..."

"बंद पडलं नाही. कमी पडतंय. फरक आहे."

हा फरक नीट समजायला मला पुढे दोन वर्षं लागली. हे मी आज, पन्नाशीला आल्यावर, लिहीत आहे त्याचं एक कारण तेच. कोणाच्या कागदावर हे शब्द पडले तर त्याने आधी श्वास घ्यावा आणि मग पुढचं विचारावं. दुसरं कारण अनसूयाबाई. त्यांच्याबद्दल मी पुष्कळ वर्षं काही लिहू शकले नाही.

पाच पेले

मला भरती केलं तेव्हा एप्रिल संपत आला होता. बायकांच्या वॉर्डात खिडक्यांना पाणी मारलेल्या वाळ्याच्या टट्ट्या होत्या, पण दुपारपर्यंत त्या वाळून खडखडीत होत आणि छताचा पंखा गरम हवा इकडून तिकडे करत राही. वॉर्डाच्या दाराशी मोठा माठ होता. त्याच्यावरचं ओलं फडकं मला माझ्या खाटेवरून दिसायचं.

आम्हाला दिवसाला पाच पेले पाणी. औषधाबरोबरचं त्यातच, चहा आणि वरणही त्यातच धरायचं. खाटेला कागद लटकवलेला असे. पाणी किती घेतलं, लघवी किती झाली, सकाळी वजन किती. एका गोळीने हृदयाचा ठोका सावकाश आणि जोरकस होई, पण जेवणावरची वासना जाई. एका इंजेक्शनने तासाभरात इतकी लघवी होई की आपल्या अंगात एवढं पाणी कुठे होतं याचं नवल वाटे. अंगातून पाणी काढतात आणि प्यायलाही देत नाहीत, हे नागपूरच्या मे महिन्यात माणसाला समजावून सांगणं कठीण आहे.

पाणी मोजून द्यायचं काम पार्बताबाईंकडे होतं. वॉर्डातल्या आया. उंच, सडपातळ, कमी बोलणाऱ्या. पाठीमागे उशा रचून मला बसवायच्या तेव्हा अशा बेताने रचायच्या की मान लोंबायची नाही. रोज सकाळी माझी वेणी घालून द्यायच्या, मी सांगितलेलं नसताना. "केस मोकळे राहिले की बाई जास्तच बिमार दिसते," एवढंच म्हणायच्या.

माझ्या शेजारच्या खाटेवर अनसूयाबाई होत्या. कामठीच्या, पन्नाशी उलटलेल्या. त्यांच्या यजमानांचं, वामनरावांचं, तिथे लुगड्यांचं दुकान. वर्षानुवर्षं रक्तदाब वाढलेला, कोणी मोजलाच नाही, आणि हृदय थकून गेलेलं. त्यांच्या पोटातही पाणी झालं होतं. पहिल्या दिवशी त्यांनी मला विचारलं, "कुठची वं तू?" मी सांगितलं. "आडनाव?" तेही सांगितलं.  थोड्या वेळाने त्यांनी आपला लोटा माझ्याकडच्या बाजूने उचलून पलीकडे ठेवला आणि वर ताटली झाकली.

आमचं घर छप्पन साली धम्मदीक्षा घेतलेलं. नागपूरकडच्या माणसाला आडनावावरून तेवढं कळतं. मला राग आला नाही असं मी म्हणणार नाही. माझ्या वडिलांना त्यांच्या गावात विहिरीवरून कोणी तरी वरून ओतेल तेव्हा ओंजळीत पाणी मिळायचं. ते ओंजळ कशी धरायची हे करून दाखवायचे, दोन्ही मनगटं जुळवून, मान खाली घालून. लहानपणी आम्हाला ते खेळासारखं वाटायचं.

तहान

मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात उकाडा असा वाढला की वॉर्डातल्या बायका बोलेनाशा झाल्या. अनसूयाबाई आपले पाच पेले सकाळी अकराच्या आत संपवत. मग तोंड पुसायला दिलेल्या पाण्यात पदराचं टोक बुडवून चोखत बसत. पार्बताबाईंनी ते पाहिलं आणि तोंड पुसायचं फडकं स्वतःच पिळून द्यायला सुरुवात केली.

"मास्तरीण," एका दुपारी अनसूयाबाई माझ्याकडे वळल्या. "तुह्या पेल्यातलं घोटभर दे वं."

"काकू, तुम्हाला मनाई आहे."

"माहीत आहे मले. तरी दे."

मी दिलं नाही. त्या दिवशी मला ते सोपं गेलं, कारण मी नियम पाळत होते. दुसऱ्या दिवशी त्यांनी पुन्हा मागितलं. त्यांची जीभ पांढरी पडून टाळूला चिकटत होती, शब्द नीट फुटत नव्हते.

"हे माझं उष्टं आहे," मी म्हटलं.

"असू दे. चालते मले."

मी पेला पुढे केला. त्यांनी माझ्या हातावर आपला हात ठेवून पेला तोंडाला लावला आणि डोळे मिटून त्यातलं उरलेलं सगळं पाणी प्यायलं. पेला रिकामा झाल्यावरही ओठ काचेवरून काढले नाहीत.

त्या क्षणी मला काय वाटलं ते मी इतक्या वर्षांत फक्त यशवंतना सांगितलं आहे. मला दया आली होती, ते खरं आहे. पण तेवढंच खरं नाही. माझ्या छातीत काही तरी ताठ उभं राहिलं. मला वडिलांची ओंजळ दिसली. ज्या बाईने लोटा झाकून पलीकडे ठेवला ती माझ्या उष्ट्या पेल्याला तोंड लावून बसली होती, आणि मला ते पाहायचं होतं. अजून पाहायचं होतं.

पुढचे चार दिवस मी माझ्या पाचांतले दोन-अडीच पेले त्यांना देत होते. दुपारी पार्बताबाई जेवायला गेल्या की. माझ्या कागदावर मात्र पाचच लिहिले जात. त्याच दिवसांत माझ्या पायांची सूज झपाट्याने उतरली. राऊंडला आलेले मोठे डॉक्टर म्हणाले, "छान. तुमच्यावर औषध चांगलं लागू पडतंय." मी हसले. माझी सूज औषधाने उतरली की शेजारच्या खाटेवर ओतलेल्या पाण्याने, हे मला अजून माहीत नाही.

अनसूयाबाई त्या दिवसांत माझ्याशी बोलायला लागल्या होत्या. मित्राची चौकशी करायच्या. लोटा पुन्हा आमच्या दोघींच्या मधल्या टेबलावर आला होता. एकदा म्हणाल्या, "बरी झाली की कामठीले येजो. तुले लुगडं काढून ठेवा म्हणून सांगतो यांयले." रोज त्यांचा श्वास थोडा आखूड होत होता. ते मला ऐकू येत होतं. मी चौथीच्या मुलांना बेरीज-वजाबाकी शिकवणारी बाई होते, आणि ही बेरीज मी केली नाही.

सकाळचा राऊंड

पाचव्या दिवशी सकाळी नऊच्या सुमारास त्या एकदम उठून बसल्या. दोन्ही हातांनी खाटेची कड धरली. छातीतून उकळत्या पाण्यासारखा आवाज येऊ लागला आणि तोंडाशी गुलाबी फेस आला. पार्बताबाईंनी धावत जाऊन डॉक्टरांना आणलं. पडदा ओढला, इंजेक्शनं झाली, ऑक्सिजनचं सिलिंडर घरंगळत आलं. पडदा पूर्ण ओढला गेला नव्हता. त्या फटीतून अनसूयाबाई माझ्याकडे पाहत होत्या. त्यांच्या नजरेत राग नव्हता, तक्रार नव्हती. त्या नुसत्या पाहत होत्या, जशा दुपारी पाहायच्या.

दहाच्या आत सगळं संपलं.

वामनराव कामठीहून पहिल्या बसने आले होते, भेटीची वेळ व्हायची वाट पाहत थर्मास घेऊन बाहेर बसले होते. त्यांना आत बोलावलं. तरुण शिकाऊ डॉक्टर खाटेचा कागद हातात घेऊन उभे होते. "चार दिवसांत वजन दोन किलोंनी वाढलं आहे," ते सिस्टरना म्हणाले. "कागदावर पाणी बरोबर आहे. मग हे आलं कुठून? यांना कोणी तरी पाणी देत होतं."

 मग वामनरावांचा आवाज आला. "आयाच देत असन. माठ तिच्याच हाताखाली राहते."

"मी नाई दिलं," पार्बताबाई म्हणाल्या.

"मग कोणी दिलं?" सिस्टरनी विचारलं.

मी चादर गळ्यापर्यंत ओढली आणि डोळे मिटून घेतले. डोळे मिटून मी सगळं ऐकलं. सिस्टरचा चढलेला आवाज, पार्बताबाईंचं तेच एक वाक्य तीनदा, आणि मग काहीच नाही. बोलायला तोंड उघडायचं तर श्वास लागतो, आणि मी आजारी आहे, असं मी स्वतःला सांगत होते. त्या दिवशी माझा श्वास महिन्याभरात सगळ्यात मोकळा होता.

दुसऱ्या दिवसापासून पार्बताबाई वॉर्डात दिसल्या नाहीत. मेल्या माणसाच्या खाटेवर दुपारपर्यंत नवी बाई आली. माझी वेणी चार दिवस कोणी घातली नाही. पाचव्या दिवशी मला घरी सोडलं.

घरी

घरी आल्यावर मीठ गेलं. मीठ म्हणजे नुसतं वरचं मीठ नाही. लोणचं, पापड, ठेचा, सोड्याचं पाणी, सगळंच. बिनमिठाची भाकरी आणि बिनमिठाचं वरण तोंडात फिरत राहायचं. मायनी आठवडाभर दोन वेगळी भांडी केली आणि मग कंटाळून म्हणाल्या, "एकच करतो. पायजे त्यानं वरून घ्या." पण यशवंतनी वरूनही घेतलं नाही. ते मला खूप उशिरा कळलं, मिलमधल्या त्यांच्या सोबत्याने हसत सांगितलं की यांच्या डब्यातलं कोणी खात नाही. मी विचारलं तेव्हा म्हणाले, "सवय झाली आता." एवढंच.

मायना नातू हवा होता. दुसरं मूल या हृदयाला झेपणार नाही असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. मायनी एकदा शेजारणीजवळ ते बोलून दाखवलं, मी ऐकेन अशा बेताने. यशवंत बाहेर आले आणि शांतपणे म्हणाले, "माय, मले बायको पायजे. पोरगं नाई मिळालं तं चालते." माय दोन दिवस बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी त्यांनी माझ्या पाठीमागे उशा रचल्या, वेड्यावाकड्या, पण रचल्या.

अशा घरात माणसाने बरं व्हायला हवं. मी होत नव्हते. मला पाणी प्यायची भीती बसली. पेला तोंडाशी नेला की काचेवर दुसऱ्या कोणाचे ओठ आहेत असं वाटायचं. मी पितळेच्या फुलपात्रातून प्यायला लागले, तरी ते जाईना. शाळेत रुजू झाले, वर्ग खाली मिळाला, पण दुपारच्या तासाला एखादी मुलगी बोट वर करून "बाई, पाणी प्यायला जाऊ?" म्हणाली की मला उत्तर सुचायचं नाही. मुलं माझ्याकडे पाहत राहायची. ती पाहत राहिली की मला पडद्याची फट दिसायची.

तपासणीला गेले तेव्हा एकदा मी मोठ्या डॉक्टरांना विचारलं, "अशा पेशंटला एखादा पेला पाणी जास्त झालं तर काही होतं का?"

"एखाद्या पेल्याने नाही होत," ते लिहिता लिहिता म्हणाले. "रोजच जास्त होत राहिलं तर होतं. हृदय किती थकलंय त्यावर आहे. काही जण नुसत्या थकव्यानेही जातात." मग मान वर केली. "कोणाचं विचारता?"

"सहज."

बोट

दुसऱ्या वर्षी हिवाळ्यात मुंबईला माझ्या झडपेचं ऑपरेशन झालं. त्या काळी सर्जन छातीच्या डाव्या बाजूने आत जात आणि धडधडत्या हृदयात बोट घालून चिकटलेली झडप मोकळी करत. आदल्या संध्याकाळी त्यांनी मला स्वतःची तर्जनी दाखवली. "ही," ते म्हणाले. साधं बोट होतं, नख बारीक कापलेलं.

सगळ्यांना वाटत होतं मी मरणाला भीत आहे. भीत होतेच. पण टेबलावर नेताना माझ्या डोक्यात एकच होतं, की मी मेले तर पार्बताबाईंवरचा आळ खोटा आहे हे सांगणारं कोणी उरणार नाही.

शुद्धीवर आले तेव्हा बरगड्या फाटल्यासारख्या दुखत होत्या आणि श्वास खालपर्यंत जात होता. किती वर्षांनी गेला असेल. यशवंत काचेपलीकडे उभे होते. मी त्यांना पाहून हसले आणि मग मला रडू आलं, कारण आता आजारपण हे कारण माझ्याजवळ उरलं नव्हतं.

इथे थोडं कामाचं सांगते. मुलाचा घसा धरला, ताप आला आणि मागून एक सांधा सोडून दुसरा दुखायला लागला, तर शेकत बसू नका, डॉक्टरांकडे न्या. दर तीन आठवड्यांनी पेनिसिलिनचं इंजेक्शन घ्यायला सांगितलं तर चुकवू नका, दुखतं म्हणून तर नाहीच. माझं लहानपणी तेवढं झालं असतं तर झडप वाचली असती. रक्तदाब मोजून घ्या. रोज सकाळी वजन करा. दोन दिवसांत किलोभर वाढलं तर ती ताकद नाही, पाणी आहे. उशा वाढायला लागल्या, जिन्यावर थांबावं लागलं, तर गॅस म्हणू नका. आणि जे खाल्लंत, प्यायलात, दुसऱ्याला दिलंत, ते डॉक्टरांपासून लपवू नका.

कामठी

ऑपरेशननंतर पाच महिन्यांनी मी कामठीला गेले. यशवंत म्हणाले, "मी येऊ का?" मी नको म्हटलं.

दुकान बाजारातच होतं. वामनराव गादीवर बसले होते, खूप वाळले होते. त्यांनी मला ओळखलं. "शेजारच्या खाटेवरच्या मास्तरीणबाई नं तुमी?" त्यांनी माझ्यासाठी खुर्ची मागवली. मी बसले आणि जे सांगायला आले होते ते एका दमात सांगून टाकलं. माझ्या पेल्यातलं पाणी, चार दिवस, दोन-अडीच पेले. ते देताना मला काय वाटत होतं तेवढं मात्र सांगू शकले नाही.

ते ओरडतील, निदान उठून जातील असं मला वाटलं होतं. ते समोरच्या लुगड्याची घडी मोडून पुन्हा घालत राहिले.

"थर्मासमध्ये मी ताक आणत होतो," शेवटी ते म्हणाले. "रोज. मीठ, जिरं टाकून. तिले तसंच आवडे. दोन घोट घे म्हणायचो अन् ती सगळं पिऊन टाके. मले सांगितलं होतं डॉक्टरनं, मीठ नाई म्हणून." घडी वाकडी झाली होती, ती त्यांनी परत उलगडली. "त्या तरण्या डॉक्टरनं म्हटलं, कोणी तरी पाणी दिलं. माह्या हातात थर्मास होता. मी आयाचं नाव घेतलं."

 दुकानात एक गिऱ्हाईक आलं, काही न घेता गेलं. मला मोकळं वाटायला हवं होतं, की माझ्या पाण्याहून त्यांचं ताक जास्त होतं. तसं काही वाटलं नाही. माझ्या डोळ्यांसमोर आता अनसूयाबाईंच्या दोन बाजूंना दोघं बसलेले दिसत होते.

"आया अजून तिथंच आहे का?" त्यांनी विचारलं.

वाचून दाखवा

पार्बताबाई इस्पितळाच्या मागे कपडे धुण्याच्या शेडमध्ये होत्या. मोठ्या हंड्यांत चादरी उकळत होत्या आणि त्या लांब काठीने ढवळत होत्या. मला पाहून त्या ओळखीचं हसल्या. मी आणि वामनराव त्यांच्यासमोर उभे राहिलो. आधी वामनरावांनी सांगितलं, मग मी.

पार्बताबाईंनी वामनरावांकडे पाहिलंही नाही. त्या माझ्याकडे पाहत होत्या.

"तुमी त्या वक्ती जाग्या होत्या?"

"हो."

"मले वाटलं तुमी झोपून होत्या." त्यांनी काठी हंड्याला टेकवून ठेवली. "मी घरी लेकीले तसंच सांगितलं. म्हटलं, मास्तरीणबाई झोपून होती, नाई तं बोलली असती माह्यासाठी."

मी त्यांची माफी मागितली. त्यांनी ती घेतली नाही आणि नाकारलीही नाही. पदराला हात पुसले आणि म्हणाल्या, "मले सांगून का करता? सिस्टरले सांगा. माह्यासमोर. अन् लिवून द्या."

सिस्टर त्याच होत्या. त्यांनी आमचं ऐकून घेतलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला. "आता दोन वर्षांनी काय उपयोग आहे याचा?" त्या म्हणाल्या. चिडून नाही, थकून म्हणाल्या. "बाई गेली. ते प्रकरण कधीच मिटलं."

"माह्यं नाई मिटलं," पार्बताबाई म्हणाल्या. "लिवा."

सिस्टरनी कपाटातून जुनं रजिस्टर काढलं. आम्ही सांगितलं तसं लिहिलं, खाली मी सही केली, वामनरावांनी केली. पार्बताबाईंना पुन्हा वॉर्डात घ्यायचं का, असं सिस्टरनी विचारलं तेव्हा त्या नको म्हणाल्या. चादरी बऱ्या, चादरी कोणाचं नाव घेत नाहीत, असं काहीसं त्या पुटपुटल्या.

मग त्यांनी रजिस्टर माझ्याकडे फिरवलं. "मले वाचता येत नाई. तुमी वाचून दाखवा."

मी वर्गात वाचते तसं, सावकाश, शब्द तोडून वाचलं. पेशंट अनसूयाबाई यांना खाटेशेजारच्या पेशंटने पाणी दिले आणि त्यांच्या यजमानांनी ताक दिले. आया पार्बताबाई यांनी काहीही दिले नाही. त्यांच्यावर ठेवलेला ठपका चुकीचा होता.

पार्बताबाई मान किंचित कलती करून ऐकत होत्या.

"माह्यं नाव कुठी आहे?"

मी बोट ठेवलं. त्यांनी वाकून त्या अक्षरांकडे पाहिलं, बराच वेळ.

"आता पुन्हा वाचा," त्या म्हणाल्या. "सुरुवातीपासून."